चोवीस दिवस आधी वाजलेली घंटा

प्रीतलने ईस्टरनंतरचं ठरलेलं लग्न मोडलं, ते वर्ष दोन हजार चोवीस. भुईगावाचं एवढ्या एका बातमीवर पावसाळ्यापर्यंत सहज भागलं असतं. पण एप्रिलच्या वीस तारखेला, शनिवारी सकाळी सव्वाअकराला, प्रीतलच्या आजीची, म्हणजे आग्नेसबाय रुमावची मयताची घंटा वाजली आणि लग्न मागे पडलं.

घंटा वाजली तेव्हा आग्नेसबाय पलंगावर दोन उशांना टेकून बसली होती आणि फादरच्या चहात साखर कमी पडली म्हणून सुनेला बोलत होती.

पण त्याआधीचं सांगायला हवं.

त्र्याऐंशी वर्षांच्या आग्नेसबायला नाताळात भाकरी गिळेना. मग भात गिळेना. ईस्टरआधीचा उपवासकाळ लागला तेव्हा ती पेजेच्या पाण्यावर आली होती, आणि घरच्यांना वाटलं, म्हातारी यंदा उपास जरा कडक करतेय. फादर जॅक्सननीही कौतुक केलं. मार्चमध्ये अन्ननलिकेचा कॅन्सर निघाला तेव्हा सगळ्यात जास्त ओशाळले ते फादर.

हॉस्पिटलात नाकातून नळी घातली. त्या नळीसकट ती घरी आली. तीन आठवडे दूध, पेज, औषध सगळं त्या नळीतून गेलं आणि गुरुवारी सकाळी नळी उशीशेजारी टॉवेलात गुंडाळलेली सापडली.

"झोपेत निघाली," आग्नेसबाय म्हणाली.

धाकटा मुलगा डेरिक उमेळ्याच्या फ्लॅटवरून तासाभरात हजर झाला. चोवीस वर्षं बोटीवर काढलेला माणूस. एखादं काम समोर आलं की ते उरकेपर्यंत बसायचा नाही. त्याने डॉक्टरांना फोन केला. नाकातली नळी टिकत नसेल तर पोटाला छेद देऊन तिथून घालू, डॉक्टर म्हणाले. सोमवारी सकाळी दहाची ॲम्ब्युलन्स ठरली.

आग्नेसबायने दोन गोष्टी सांगितल्या. एक, मी कुठे जानार नाय. दोन, शनिवारी फादरला तेल लावायला बोलवा.

दुसऱ्या गोष्टीने घर जास्त घाबरलं. आजाऱ्याला तेल लावायचं ते त्याला बळ यावं म्हणून, हे फादर दर वर्षी उपदेशात सांगतात. गाव मान डोलावतं, आणि तेलाची डबी घेऊन फादरची स्कूटर कोणाच्या दारात थांबली की शवपेटीवाल्याचा नंबर शोधायला लागतं.

तर शनिवारी फादर आले. आत त्यांनी कपाळाला आणि तळव्यांना तेल लावलं, प्रार्थना झाली. पुढे पडवीत मात्र देवाचं नाव कोणी घेत नव्हतं.

तेरेसा स्वयंपाकघरात चहा गाळत होती. सदतीस वर्षं ती या घराची सून होती, आणि कुठलं भांडण कुठल्या वळणाने जाईल हे तिला चहा उकळायच्या आत कळायचं. आज कळत नव्हतं.

"दादा, तू काही बोलणार आहेस की नाही?" डेरिकचा आवाज.

"काय बोलू? तू सगळं ठरवून आलास," लॉरेन्स म्हणाला. लॉरेन्स तेरेसाचा नवरा. घर आणि वाडी त्याच्याकडे होती.

"मग कोण ठरवणार? तू वाडीत पाणी लावत बसतोस."

"पाणी लावलं नाही तर केळी मरतील."

"आणि बाय?"

यावर लॉरेन्सने वाडीकडे बघितलं. मग म्हणाला, "लोक काय बोलतील ते मला आताच ऐकू येतंय. इनास रुमावच्या थोरल्या पोराने आईला उपाशी मारली. नाही रे बाबा. मी तुझ्या बाजूने. नळी घालू."

"पप्पा!" ही प्रीतल.

प्रीतल लॉरेन्स-तेरेसाची मुलगी, नर्स. बरं न होणाऱ्या पेशंटांकडे घरी जाऊन त्यांचं दुखणं सांभाळणाऱ्या पथकात ती काम करायची. गावात तिच्या कामाला नाव नव्हतं, त्यामुळे "ती शेवटच्या पेशंटांची" असं म्हणायचे.

"तिचं वजन एकतीस किलो आहे," प्रीतल म्हणाली. "ती टेबलावरून उठेल का, हे विचारलंत का डॉक्टरांना?"

"दोन-तीन महिने मिळतील म्हणाले."

"मिळू शकतील, म्हणाले. मी शेजारीच उभी होते, अंकल."

"तू नर्स आहेस ना? नर्सने पेशंटला वाचवायचं असतं."

"माझे सगळेच पेशंट जातात. त्यांना दुखू नये हे बघायला मी असते."

"असलं काम! म्हणूनच त्या पोराने लग्न मोडलं."

"मी मोडलं."

"तेच ते."

तेरेसा ट्रे घेऊन बाहेर आली. डेरिकने कप उचलला आणि तिच्याकडे वळला. "वहिनी, गुरुवारी पहाटे तुम्ही तिथेच होता ना? नळी निघताना कळलं नाही तुम्हाला?"

तेरेसाने ट्रे खाली ठेवला. दोन दिवस ती याच प्रश्नाची वाट बघत होती.

"कळलं," ती म्हणाली. "निघाली नाही. तिने काढली. मी बघत होते."

लॉरेन्सचा कप ओठांपर्यंत जाऊन थांबला.

"अर्धी बाहेर आली तेव्हा तिने माझ्याकडे बघितलं. लग्न होऊन आले त्या दिवसापासून ती मला कामं सांगते. पण असं काही मागितलं नव्हतं कधी. मी टॉवेल धरला."

"टॉवेल धरला," डेरिक म्हणाला. "वा! एक टॉवेल धरते, एक माझे पेशंट जातातच म्हणते. छान घर आहे." त्याने कप तसाच ठेवला, चपला घातल्या आणि फाटकाबाहेर पडला. गाडी दारातच होती. पण रागावला की तो चालायचा. ही बोटीवरची सवय. चर्चकडच्या रस्त्याने तो तरातरा निघून गेला.

तेरेसा फादरचा चहा घेऊन आत सासूकडे गेली. लॉरेन्सने बायकोकडे बघायचं टाळलं आणि पंपाचा आवाज नीट येतोय का ते ऐकायला लागला.

प्रीतल पायरीवर बसली. तिला शुक्रवारची दुपार आठवत होती. आजीच्या गालात औषधाचे थेंब सोडून ती बाटलीचं बूच लावत होती, तेव्हा आग्नेसबायने विचारलं होतं, "त्यात किती आहे गो?"

"पंधरा दिवसांचं."

"सगळं एकदम दिलं तर?"

असं कोणी विचारलं की दचकायचं नाही, हे प्रीतलला शिकवलेलं होतं. तरी ती दचकली. स्वतःच्या आजीचं कोणी शिकवलेलं नव्हतं.

"तर तू मरशील, मी तुरुंगात जाईन, आणि वर आजोबा विचारतील, पोरीला कुठे सोडून आलीस?"

आग्नेसबाय हसली. हसताना छातीत कळ यायची, तरी हसली. "मग नको. सहज विचारलं."

पण प्रीतलने विषय सोडला नाही. "का विचारलंस, मोठीबाय? दुखतंय का फार?"

"नाय. दुखनं तू थांबवलंस."

"मग?"

"सोमवारी दहाला गाडी येनार ना? त्याच्या आधी निघायचं होतं."

प्रीतलने बाटली कपाटात ठेवली आणि कुलूप लावलं. "मी तुला मारणार नाही," ती म्हणाली. "तू कितीही गोड बोललीस तरी. पण गाडीचं मी बघते."

बोलून गेली खरी. पण गाडी थांबवायची कशी हे तिला तेव्हाही माहीत नव्हतं आणि आता पायरीवर बसूनही सुचत नव्हतं. काका आणि बाप दोघंही एका बाजूला. सोमवार परवावर आलेला.

आणि तेवढ्यात घंटा वाजायला लागली.

मयताची घंटा लहान मूलही ओळखतं. एक ठोका. तो विरून जाईपर्यंत शांतता. मग दुसरा.

"कोण गेलं?" लॉरेन्स उठला.

आत आग्नेसबायनेही चहातली साखर सोडून छातीवर क्रूसाची खूण केली. "देवा, या जिवाला सार्वकालिक विसावा दे," ती म्हणाली.

"आमेन," फादर सवयीने म्हणाले. मग त्यांच्या कपाळाला आठी पडली. गावात कोणी गेलं तर पहिलं त्यांना कळायला हवं होतं. त्यांच्या खिशात फोन थरथरला. चर्चच्या ग्रुपवर संदेश होता. फादरनी तो वाचला, आग्नेसबायकडे बघितलं, पुन्हा वाचला.

"कोन हो?" आग्नेसबायने विचारलं.

"काही नाही."

"फादर, खोटं बोलू नका. हाताला अजून तेल आहे."

फादर जॅक्सन तरुण होते. पुरोहित होऊन चार वर्षं झालेली. अशा प्रसंगी काय बोलावं हे सेमिनरीत शिकवलं नव्हतं. "आग्नेसबाय," ते म्हणाले, "इथे लिहिलंय की... तुम्ही गेलात."

आग्नेसबायने जरा विचार केला.

"किती वाजता?"

तेरेसाला हसू फुटलं आणि तिने पदर तोंडात कोंबला. बाहेरून कोणी बघितलं असतं तर सून रडतेय असंच म्हटलं असतं. आणि तसंच झालं. विहिरीपलीकडची कॅथरिन खिडकीतून तेवढंच बघून दोन्ही हातांत पेजेचं पातेलं धरून निघाली. मयताच्या घरी चूल पेटत नाही, शेजारच्यांनी पेज न्यायची. ही पेज तिच्या घरच्यांच्या दुपारच्या जेवणाची होती.

"माझी गुनाची बाय गेली गो!" फाटकापासूनच तिने सूर लावला. "कोनाला कधी वाकडं बोलली नाय गो!"

"कॅथरिन, तुला बोलले की!" आतून घोगरा आवाज आला. "दोनदा!"

कॅथरिनने क्रूसाची खूण करायला एक हात सोडला. पातेलं लॉरेन्सने धरलं म्हणून पेज वाचली.

लॉरेन्स बाहेर जाऊन लोकांना परत पाठवायला निघाला होता. आग्नेसबायने अडवलं. "येऊ दे सगळ्यांना. खऱ्या वेळी मला थोडंच ऐकू येनार आहे?"

मग काय विचारता! अर्ध्या तासात पडवी भरली. काळे कपडे घालून आलेले लोक उंबऱ्यापाशी थबकायचे, आत पलंगावरची म्हातारी त्यांना हात करायची. कोणी रागावले, कोणी हसले, एकीने तिला हात लावून बघितला. तीन पातेली पेज आणि एक सुक्या बोंबलाची चटणी जमा झाली.

सगळ्यांत शेवटी जयवंती आली, पलीकडच्या आळीतून, अनवाणी. जयवंती आणि आग्नेस चाळीस वर्षं एकत्र सुकेळी करायच्या. राजेळी केळी पिकवायची, सोलायची, मांडवावर दिवसा उन्हात घालायची आणि संध्याकाळी केळीच्या खोडाच्या वाळल्या सोपात गुंडाळून ठेवायची. अशी सात उन्हं. यंदा जयवंती एकटीच करत होती.

"जिवंत आहेस?" ती दारातच म्हणाली.

"तू केळी झाकून आलीस का?"

"नाय."

"आज पाचवं ऊन! कोनाच्या भरवशावर टाकलीस?"

"तू मेलीस म्हनून धावत आले!"

"मी मेले म्हनून केळी कावळ्यांना?"

जयवंती आत आली. पलंगाच्या कडेला बसली, मैत्रिणीचे पाय मांडीवर घेतले आणि त्या दिवशी त्या घरात पहिल्यांदाच कोणीतरी खरंखुरं रडलं. आग्नेसबायने तिला रडू दिलं. कावळ्यांचं पुन्हा काढलं नाही.

"पण हे केलं कोणी?" लॉरेन्स पडवीत तापला होता. "बावतीसला सांगितलं कोणी?"

बावतीस त्याच वेळी फाटकातून आत येत होता. काळा कोट, हातात मयताच्या पुढे धरायचा चर्चचा क्रूस. चाळीस वर्षं घंटा त्याच्याकडे होती. पलंगावर बसलेली आग्नेसबाय दिसली तसा त्याने क्रूस भिंतीला टेकवला आणि खुर्ची मागितली.

"मी काय स्वप्न बघितलं?" तो म्हणाला. "फादर तेल घेऊन इकडे. फादरला विचारायचं तर फादर नाय. तेवढ्यात हा आला." त्याने फाटकाकडे बोट केलं. तिथे डेरिक नुकताच परतला होता आणि दारातली गर्दी बघून उभाच राहिला होता. "हा येऊन विचारतो, आमच्या बाबांची कबर आता उघडता येते का. चाळीस वर्षांत मानूस गेल्याशिवाय मला कबर कोनी विचारली नाय. हो म्हटलं, तर मान हलवून गेला निघून. तोंड पन तसंच होतं. मी समजलो."

पडवीतल्या सगळ्यांच्या माना डेरिककडे वळल्या.

डेरिकने वादळं बघितली होती, एकदा इंजिनरूमची आगही. पण या पडवीतून आईच्या पलंगापर्यंतची पंधरा पावलं त्याला जड गेली.

"येते का?" आग्नेसबायने विचारलं.

"काय?"

"उघडता. कबर."

"येते. बाबांना तेरा वर्षं झाली, आता त्यात तुला ठेवता येतं."

"बरं झालं. मला वाटलं, भिंतीकडची देतात. तिथे पानी साचतं." तिने त्याला बसायची खूण केली. "सोमवारी हॉस्पिटल आनि शनिवारीच कबर. म्हनजे तुला माहीत आहे."

डेरिक बसला. दारात काढून हातातच राहिलेली चपलांची जोडी कुठे ठेवावी हे त्याला सुचेना. "बाबा गेले तेव्हा मी बोटीवर होतो," तो म्हणाला. "दादाने फोनवर सांगितलं. मी आलो तेव्हा माती सुकली होती. सगळ्यांनी सगळं करून टाकलं होतं. मला करायला काही उरलंच नव्हतं. या वेळी म्हटलं, वेळेवर करू."

"म्हनून कबर?"

"दोन्ही. हॉस्पिटल पण, कबर पण."

कोणीतरी हसलं. हसणारी आग्नेसबायच होती. "हा असाच," ती जयवंतीला म्हणाली. "लहानपनी परीक्षेला जाताना दोन पेनं न्यायचा. नापास व्हायचा तरी."

जयवंतीने डोळे पुसले. "डेरिक, मी एक सांगू? आमच्या ह्यांना एकवीस दिवस काचेच्या खोलीत ठेवलं. नळ्या ओढतात म्हनून हात बांधले. मी बाहेर बाकड्यावर. शेवटी त्यांनी पानी मागितलं. मला नाय, तिथल्या बाईला. ती मला दोन दिवसांनी म्हनाली. आम्ही करायचं ते सगळं केलं रे. पन पानी मागितलं तेव्हा मी तिथे नव्हते."

"बाय उपाशी जाईल त्याचं काय?" हा लॉरेन्स. तो दाराच्या चौकटीला धरून उभा होता, आणि त्याचा आवाज नेहमीपेक्षा मोठा होता. "फादर, तुम्ही सांगा. सगळ्यांसमोर सांगा. अन्न बंद करणं पाप नाही?"

फादरनी कप खाली ठेवला. "जेवण पोचतंय तोवर द्यायचंच. आणि मरण लवकर यावं म्हणून कोणी काही पाजलं, टोचलं, तर मी हो म्हणणार नाही. बाय कितीही रागावली तरी." आग्नेसबाय छताकडे बघत होती. "पण शरीर घेईनासं झालं, नळीने नुसता छळच होणार असेल, तर ती नको म्हणू शकते. मरण आपण बोलवायचं नाही. ते आलं तर दाराला पाठ लावून बसलंच पाहिजे, असंही चर्च सांगत नाही."

"तिला भूक लागत नाही, पप्पा," प्रीतल म्हणाली. "विचारा तिला. लागली आणि आपण दिलं नाही, तर ते उपाशी. तोंड कोरडं पडतं, त्याला मी आहे, मम्मी आहे. थेंब थेंब देऊ."

लॉरेन्स चौकट सोडून आईजवळ आला. "लागते का भूक?"

"जानेवारीत लागायची. आता नाय."

त्याने तिचा हात हातात घेतला. "घड उतरवलेल्या केळीला मी पाणी लावत नाही," तो हळूच म्हणाला.

"कोन लावतं? पिलांना लावतात."

"तुला केळ म्हणालो नाही मी, बाय."

"म्हनालास. चालतंय."

मग त्याने तेरेसाकडे बघितलं, सकाळपासून पहिल्यांदा. "टॉवेल कुठला होता?" त्याने विचारलं.

"निळा."

त्याने मान हलवली. त्यांच्यात तेवढ्यावर मिटलं.

आता एकटा डेरिक उरला. आग्नेसबायने त्याच्याकडे फक्त बघितलं. तेरेसाने ते बघणं लगेच ओळखलं. डेरिक उठला, अंगणात गेला, फोन कानाला लावला. पडवीतले सगळे त्याच्या पाठीकडे बघत होते. मिनिटभराने तो वळून म्हणाला, "कॅन्सल का करताय, विचारतायत. काय सांगू?"

"सांग, पेशंट गेली!" आतून आवाज आला. "गावात कळलंच आहे सगळ्यांना!"

हे हसणं म्हणे चर्चपर्यंत ऐकू गेलं.

हसू ओसरलं तशी प्रीतल म्हणाली, "हे सगळं तोंडी झालं. पुढे मोठीबायला बोलता आलं नाही आणि कोणी घाबरून गाडी बोलावली, तर?" कोणी म्हणताना तिने बापाकडे आणि काकाकडे आळीपाळीने बघितलं. "असं लिहून ठेवता येतं. कायद्याने चालतं. घराबाहेरचे दोन साक्षीदार लागतात, आणि नोटरी."

"साक्षीदारांचं काय," कॅथरिन म्हणाली, "मयताला आलोच आहोत."

त्या दिवशी रुमावांच्या घरात त्यानंतर चूल खरंच पेटली नाही. आलेली पेज आलेल्यांनीच संपवली. बावतीस दोन वाडगे प्यायला, आणि जाताना क्रूस विसरला. तो न्यायला पुन्हा आला तेव्हा तिसरा.

सोमवारी सकाळी दहा वाजता, गाडी यायची त्या वेळेला, वसईहून रिक्षाने नोटरी आला. प्रीतलने कागद मराठीत लिहून आणला होता. पोटातली नळी नको, श्वासाचं मशीन नको, काचेची खोली नको. दुखू देऊ नये. घर सोडू नये. मला बोलता आलं नाही तर तेरेसा आणि प्रीतल बोलतील. डेरिकने हट्ट धरला म्हणून तिसरं नाव त्याचं टाकलं. नोटरीने अंगठ्यासाठी शाईचा पॅड उघडला तेव्हा आग्नेसबायने तो बंद केला. सही ती सत्तावन्नाव्या वर्षी चर्चमधल्या बायकांच्या वर्गात शिकली होती. पूर्ण नाव लिहायला चार मिनिटं लागली. नोटरीने घड्याळाकडे बघितलं, तर डेरिक त्याला म्हणाला, "घाई आहे का तुम्हाला?"

खाली कॅथरिन आणि जयवंतीच्या सह्या झाल्या.

पुढचे दिवस बरेच आणि थोडे होते. तेरेसा आणि प्रीतल पाळीने बसायच्या. कापडात बर्फाचा खडा गुंडाळून ओठांवरून फिरवायचा, कूस बदलायची, थेंब द्यायचे. थेंब दोनदा वाढवावे लागले. एकदा एक वाईट दुपार गेली. तिला कळा थांबेनात, लॉरेन्स वाडीत जाऊन मोठ्याने रडला आणि डेरिकने फोन हातात घेतला. नंबर लावायच्या आधी त्याने प्रीतलकडे बघितलं. प्रीतल पथकाच्या डॉक्टरांशीच बोलत होती. डोस बदलला, तासाभरात म्हातारी झोपली. डेरिकने फोन खिशात ठेवला, आणि त्या दिवसापासून उमेळ्याला गेलाच नाही.

बाटलीबद्दल आग्नेसबायने पुन्हा विचारलं नाही.

जयवंतीने कावळ्यांनी सोडलेली केळी सातव्या उन्हाला गुंडाळली. त्यातलं एक सुकेळं पाण्यात भिजवून तिने बोटाने मैत्रिणीच्या जिभेला लावलं. आग्नेसबायने डोळे मिटून चव घेतली.

"एक ऊन कमी पडलं," ती म्हणाली.

मे महिन्याच्या चौदा तारखेला सकाळी लॉरेन्स स्वतः बावतीसकडे गेला. बावतीसने त्याला तीनदा विचारलं. तरी त्याचा विश्वास बसेना, म्हणून तो घरी आला, पलंगाजवळ उभा राहिला, टोपी काढली. मग जाऊन घंटा वाजवली.

आणि कोणी आलं नाही. कॅथरिनने खिडकीतून घंटा ऐकली, "बावतीसचं पुन्हा सुरू झालं," म्हणाली आणि भाजी चिरायला बसली. गावभर तसंच झालं. त्यामुळे मयताच्या घरी कोणाला मिळत नाही असा अर्धा तास रुमावांना मिळाला. तेरेसाने सासूचे केस विंचरले. लॉरेन्स पायाशी बसला. निळा टॉवेल कोमट पाण्यात भिजवून डेरिकने आईचे हात पुसले, एक एक बोट करून, सावकाश. आणि त्याला कोणी घाई केली नाही.

मग फाटक वाजलं. जयवंती होती. या वेळी केळी झाकून आली होती.

"खरी का?" तिने विचारलं.

"खरी," डेरिक म्हणाला.

आग्नेस इनास रुमाव, वय वर्षं त्र्याऐंशी, मंगळवार दिनांक चौदा मे दोन हजार चोवीस रोजी सकाळी पावणेसात वाजता भुईगावला आपल्या घरी वारली. दोन्ही मुलगे, सून आणि नात जवळ होती.